फ्रेमच्या कडेला बसलेले बाबा

प्रश्न थोडक्यात असा आहे: "माझे बाबा १९७४ ते १९८८ या काळात मुंबई दूरदर्शनवरच्या मराठी गाण्यांच्या कार्यक्रमांत साइड ऱ्हिदम वाजवत. नोकरी पालिकेत. ते गेल्यावर कपाटात एक पत्र्याची पेटी सापडली. तीत कॉन्ट्रॅक्टची पत्रं, दोन खंजिऱ्या, एक रेसो-रेसो आणि एक फोटो. फोटोत गायिका मधोमध, मग तबला, हार्मोनियम, व्हायोलिन आणि अगदी उजव्या कडेला बाबांचा अर्धा खांदा. नाव कुठेच नाही. बाबा तिथे नक्की कोण होते? केवळ भरतीचे होते का? आणि त्यांचं वाजवणं आता कुठे ऐकायला मिळेल?"

ताई, भरतीचे नव्हते. कारणं पुढे सविस्तर देतो, पण उत्तर आधी दिलेलं बरं. मी स्वतः बँकेतली नोकरी सांभाळून वीसेक वर्षं तबला आणि साइड ऱ्हिदम वाजवला. आकाशवाणी, दूरदर्शन, भावगीतांचे जाहीर कार्यक्रम, अधूनमधून सिनेमाचं रेकॉर्डिंग. तुम्ही बाबांचं नाव लिहिलेलं नाही, त्यामुळे आमची गाठ पडली होती का ते सांगू शकत नाही. पण त्या पेटीतल्या सगळ्या वस्तू माझ्या ओळखीच्या आहेत.

आधी फोटो घेऊ, कारण तुमच्या मनाला तोच लागलेला दिसतो. स्टुडिओत कोणी कुठे बसायचं हे मानावर ठरत नसे, आवाजावर ठरे. प्रत्येक वाद्याला वेगळा माइक, वेगळा ट्रॅक, नंतर सावकाश मिक्सिंग ही चैन तेव्हा नव्हती. मोजके माइक, आणि त्या क्षणी जे जमलं तेच टेपवर. त्यामुळे अर्धं बॅलन्सिंग माणसं पुढेमागे सरकवूनच व्हायचं. खंजिरीच्या चकत्यांचा आवाज बारीक आणि टोकदार. तो गायिकेच्या माइकमध्ये शिरला की तिच्या 'स' आणि 'श'वर चढून बसतो, शब्द फुटतात. म्हणून खंजिरी, घुंगरू, ट्रँगल, कबास वाजवणारा माणूस तिच्यापासून सगळ्यांत लांब. रेकॉर्डिस्ट काचेपलीकडून हाताने खूण करायचा, "अजून मागे, अजून थोडं." शेवटी पाठ भिंतीला टेकायची. तुमचे बाबा कडेला आहेत ते या कारणाने.

त्यात तेव्हाचा पडदा अरुंद, रुंदी चार तर उंची तीन. सहा-सात माणसं ओळीत बसवली की कडेची दोन हमखास कापली जात. आणि एक गोष्ट आता कोणाच्या लक्षातही नसेल: कॅमेऱ्यात जेवढं दिसे तेवढं घरच्या सेटवर पोचत नसे. काचेच्या नळीच्या त्या सेटवर चित्राच्या चारही कडा थोड्या चौकटीआड जात. म्हणजे स्टुडिओतल्या मॉनिटरवर बाबा पूर्ण दिसत असतील, आणि त्याच क्षणी तुमच्या चाळीतल्या सेटवर फक्त कोपर. माझ्या आईने मला पहिल्यांदा टीव्हीवर पाहिलं ते असंच. तिने हात ओळखला, मनगटावरच्या घड्याळावरून.

आता काम काय होतं ते. साइड ऱ्हिदम म्हणजे मुख्य ठेक्याच्या भोवतीचं सगळं. तबला किंवा ढोलकी गाण्याचा कणा धरते. बाकी खंजिरी, दिमडी, टाळ, झांज, चिपळ्या, घुंगरू, मंजिरी, डुग्गी, वूड ब्लॉक, मराकस, कबास, ट्रँगल हे एका माणसाने सांभाळायचं, तेही एकाच गाण्यात चार-पाच वाद्यं बदलत. अभंगाला टाळ, पण वारीतल्यासारखे खणखणीत नाहीत, दाबून. लावणीच्या अंगाच्या गाण्याला घुंगरू, पण ढोलकीच्या तोडीवर नाही, तिच्या मधल्या फटीत. गोंधळाच्या चालीवर संबळ नसेल तर डुग्गी आणि दिमडी मिळून तो भास उभा करायचा. मुलांच्या कार्यक्रमांत तर घोड्याच्या टापांपासून पावसापर्यंत सगळं आमच्याच झोळीतून निघायचं.

यातलं अवघड काम वाजवण्याचं नव्हे, गप्प बसण्याचं. ध्रुपद, पहिला पीस (मधला नुसता वाद्यांचा तुकडा), पहिला अंतरा संपेपर्यंत काहीच नाही, आणि दुसऱ्या अंतऱ्याच्या आधी ट्रँगलचा एकच ठोका. तो चुकला तर? तेव्हाच्या दोन इंची टेपचं संपादन किचकट, त्यामुळे शक्यतो अर्ध्या तासाचा कार्यक्रम सलग रेकॉर्ड करत. पंचविसाव्या मिनिटाला ट्रँगल चुकला की गायिकेसकट सगळे पुन्हा आरंभाला. सुरुवातीच्या वर्षांत कित्येक कार्यक्रम थेटच जायचे, तिथे पुन्हा आरंभही नाही. म्हणून साइडला नवखा माणूस कोणी बसवत नसे. लोकांना वाटतं की खंजिरी काय, कोणीही हलवेल. संगीतकाराला विचारा. तबलजी बदलला तरी त्याचं निभे, पण साइडचा माणूस बदलला की त्याला आदल्या रात्री झोप लागत नसे.

रेसो-रेसोवरून मला बाबांबद्दल आणखी एक अंदाज येतो. खाचांवरून काडी फिरवून वाजवायचं हे वाद्य आपल्याकडे सिनेसंगीतातून रुळलं. लॅटिन अमेरिकेची तालवाद्यं हिंदी सिनेमात रुजवण्यात कावस लॉर्ड यांचा मोठा वाटा, आणि राहुलदेव बर्मन यांच्या ताफ्यात अमृतराव काटकर यांनी रेसो-रेसोला स्वतःचा चेहरा दिला. आपला हा मराठी माणूस, आणि त्यांचं वाजवणं उभ्या देशाने ऐकलं. नाव मात्र आत्ता आत्ता लोक घेऊ लागलेत. भावगीताच्या साथीला रेसो-रेसो सहसा लागत नाही. ते बाबांच्या पेटीत आहे म्हणजे ते सिनेमाच्या रेकॉर्डिंगला किंवा निदान ऑर्केस्ट्राला जात असणार. टीव्हीवर बसणारे बहुतेक साथीदार असेच चार दारांवरचे होते: आकाशवाणी, नाटक, ऑर्केस्ट्रा, सिनेमा. दूरदर्शन त्यातलं एक दार, पैशाने सर्वांत मोठं नव्हे.

मुंबई केंद्र सुरू झालं २ ऑक्टोबर १९७२ला. बाबा तिथे गेले तेव्हा ते दोनच वर्षांचं होतं. दूरदर्शन अजून आकाशवाणीचाच भाग होता, १ एप्रिल १९७६पासून वेगळा झाला. त्यामुळे माणसं, पद्धती, सवयी सगळ्या रेडिओच्या. रेडिओत साथीदाराला कोणी पाहत नाही, फक्त ऐकतं. तीच दृष्टी काही वर्षं टीव्हीवरही राहिली. गाणं नीट ऐकू आलं, गायिका नीट दिसली, की कार्यक्रम झाला.

श्रेणीही रेडिओचीच. आकाशवाणीची ऑडिशन द्यायची, बी, बी-हाय, ए अशी ग्रेड मिळवायची, त्यावर मानधन ठरे. मी ऑडिशन तबल्यावर दिली आणि बोलावणी मात्र अर्ध्याहून अधिक साइडला आली. म्हणून बाबांच्या पत्रांवर वाद्यापुढे 'तबला' लिहिलेलं दिसलं तर चकित होऊ नका. (साथीच्या वाद्यांचे दिवस कसे फिरतात पाहा: १९४०मध्ये आकाशवाणीवरून हद्दपार झालेली हार्मोनियम १९७०च्या दशकाच्या सुरुवातीला कुठे साथीपुरती परत आली होती. बाबांच्या शेजारी बसलेल्या त्या हार्मोनियमवाल्यांनी ऐन उमेदीची वर्षं रेडिओच्या दाराबाहेर काढलेली असणार.)

स्टुडिओतला दिवस कसा असे तेही सांगतो, कारण घरी येऊन हे कोणी बोलत नसे. ऑफिसात अर्ध्या दिवसाची रजा टाकायची. वरळीला दुपारी पोचायचं, आधी रिहर्सल, मग कॅमेरा रिहर्सल, मग टेक. कृष्णधवल कॅमेऱ्यांना प्रकाश भरमसाट लागे. बाहेर पावसाळा असेल तर चामडं ओल धरून उतरलेलं. दिवे लागले की तेच कोरडं होऊन वर चढायला लागे. तबलजी हातोडीने गट्टे ठोकून काळी चारला, म्हणजे ठरलेल्या स्वराला, आणून ठेवायचा, आणि दहा मिनिटांत तबला पुन्हा वर. दिमडीला तर हातोडीचा उपायच नाही, ओलं फडकं जवळ ठेवून चामडं सांभाळायचं. पांढराशुभ्र कुडता चालत नसे, तो पडद्यावर भगभगायचा. फिकट पिवळा किंवा फिकट निळा घाला, तो पांढरा दिसतो, असं सांगत. बारीक रेघांचा शर्टही नको, त्या रेघा पडद्यावर नाचत. रंगीत प्रक्षेपण आलं १९८२मध्ये. त्याआधीच्या फोटोत बाबांच्या अंगावर पांढरा सदरा दिसत असेल तर तो बहुधा पांढरा नव्हता.

एक प्रसंग सांगतो. थेट प्रक्षेपण होतं, भक्तिगीतांचं. दुसऱ्या अंतऱ्यात तबल्याची पुडी दिव्यांच्या उष्णतेने चाटेपाशी फाटली. आवाजच गेला. साइडला माझा एक ज्येष्ठ सहकारी होता. त्याच्या एका हातात मंजिरी होती. ती वाजतच राहिली, दुसरा हात शेजारच्या डुग्गीवर गेला आणि पुढच्या समेला भजनी ठेका तिथून सुरू झाला. गायकाने डोळेसुद्धा उघडले नाहीत, कारण त्याच्या दृष्टीने काही घडलंच नव्हतं. तबलजीने डाव्यावर नुसते घुमारे देत साथ धरली. गाणं संपलं. प्रेक्षकांना कळलं नाही, आणि कळू नये यासाठीच तो माणूस तिथे बसला होता. त्याचंही नाव त्या दिवशी पडद्यावर आलं नाही.

नाव का येत नसे, याचं उत्तर बरंचसं साधं आहे. नावं तेव्हा हाताने रंगवलेल्या पाट्यांवर असत. काळ्या पुठ्ठ्यावर पांढरी अक्षरं, ती पाटी कॅमेऱ्यासमोर धरायची किंवा रूळावर गुंडाळून फिरवायची. एका पाटीवर मावणार किती? गायक, कवी, संगीतकार, मग तबला, हार्मोनियम, व्हायोलिन, आणि शेवटी 'व सहकारी'. त्या दोन शब्दांत बाबा आहेत. त्यातून कार्यक्रम लांबला आणि बातम्यांची वेळ झाली की पहिली कात्री शेवटच्या पाट्यांवर. यामागे कोणाचा आकस नव्हता. पण वर्षानुवर्षं हेच होत गेलं की माणूस कागदोपत्री उरत नाही, हे मला आज टोचतं, आणि तुमच्यासारख्या मुलीला वडिलांबद्दल 'भरतीचे होते का' असं विचारावं लागतं तेव्हा जास्तच टोचतं.

काही वर्षांपूर्वी भाचीकडे अमेरिकेत गेलो होतो. तिथे सार्वजनिक वाहिन्यांवर लॉरेन्स वेल्क यांच्या जुन्या संगीत कार्यक्रमाचे भाग अजून दाखवतात. १९५५ ते १९८२ असा तो राष्ट्रीय पातळीवर चालला. तिथला अकॉर्डियनवादक मायरन फ्लोरेन, टॅप नर्तक आर्थर डंकन ही काही कार्यक्रमाची मुख्य माणसं नव्हेत, तरी त्यांची नावं आज सत्तरीतल्या प्रेक्षकांच्या तोंडी आहेत. डंकन १९६४पासून शेवटपर्यंत होता. मला फार वेळ प्रश्न पडला की आपल्याकडे असं का झालं नाही. कला कमी पडली म्हणून नव्हे. तिथे ठरलेला संच दर आठवड्याला त्याच जागी दिसायचा, आणि निवेदक प्रत्येकाला नावाने पुढे बोलवायचा. आपल्याकडे साथीदार कार्यक्रमागणिक बुक होत. या आठवड्यात तुमचे बाबा, पुढच्या आठवड्यात मी, त्यानंतर तिसराच. प्रेक्षकाला चेहरा ओळखीचा व्हायला उसंतच मिळाली नाही. ओळख मिळायला गुणाइतकंच सातत्याने दिसणं लागतं, आणि ते आमच्या हातात नव्हतं.

म्हणून आता पेटीतल्या पत्रांकडे वळा, कारण बाबांची खरी नामावली तिथे आहे. ती तारखेप्रमाणे लावा. पहिल्या दोन वर्षांत किती, मधल्या काळात किती, ते मोजा. एकाच निर्मात्याकडून किंवा एकाच संगीतकाराच्या कार्यक्रमासाठी पुन्हा पुन्हा बोलावणं दिसलं तर समजा की हा माणूस त्यांना हवा होता. साथीदाराला पुरस्कार नसतो, त्याला पुढचं पत्र येतं. मानधनाचा आकडा पाहून खट्टू होऊ नका. त्या पैशावर कोणाचं घर चालत नसे, म्हणून तर पालिका, बँक, रेल्वे, पोस्ट. टीव्हीवर दिसल्याने गणेशोत्सवातली, कोजागरीची, लग्नसराईतली बोलावणी वाढत, आणि ती रोखीत असत, त्यांची पत्रं कधीच नसत. वर्षभराचा हिशेब करायचा तर तोही धरायला हवा. एखादी वही सापडते का तेही बघा. आम्ही सगळेच गाण्यांची टिपणं ठेवत असू: "२ आ. गप्प, मग घुंगरू, अं. २ आधी ट्रँ." असली (दोन आवर्तनं गप्प, दुसऱ्या अंतऱ्याआधी ट्रँगल). ती नोंद एखाद्या कवितेच्या वहीत किंवा बिलांच्या मागेही असू शकते, टाकून देऊ नका.

१९८८लाच पत्रं का थांबली हे तुम्ही विचारलेलं नाही, पण मला त्याचा अंदाज आहे. रोलँड कंपनीचं ऑक्टोपॅड हे इलेक्ट्रॉनिक तालवाद्य १९८५मध्ये बाजारात आलं आणि दोन-तीन वर्षांत आपल्या वाद्यवृंदांत पोचलं. आठ चौकोन, दोन काठ्या, आणि जोडलेल्या ध्वनियंत्रातून कबास, वूड ब्लॉक, झांज, जे म्हणाल ते. चार माणसांचं काम एक करू लागला, त्याला चार माइकही लागत नव्हते, भिंतीपर्यंत मागेही सरकावं लागत नव्हतं. मी ते शिकलो. माझ्या पिढीतल्या बऱ्याच जणांनी शिकायचं नाकारलं, आणि तो हट्ट नव्हता. ज्या हाताला चामड्याचा ताण कळतो त्याला रबरावर काही कळत नाही. बाबा त्या वर्षी थांबले असतील तर मला आश्चर्य वाटणार नाही. १९९२नंतर खासगी वाहिन्या आल्या, गाण्यांच्या स्पर्धा आल्या, निवेदक वादकांची नावं घेऊ लागले, कॅमेरा त्यांच्यापुढे जाऊ लागला. बाबांच्या वेळेला ते मिळालं नाही.

ऐकायला काय मिळेल याबद्दल आशा थोडी ठेवा, पण ठेवा. टेप महाग होत्या आणि जगभर त्या पुसून पुन्हा वापरल्या जात. बीबीसीनेसुद्धा १९७०च्या दशकाच्या अखेरीपर्यंत आपले कितीतरी कार्यक्रम असे गमावले. आपल्याकडचं पहिल्या दहा वर्षांतलं म्हणून फार थोडं हाती लागतं. तरी सह्याद्री वाहिनीच्या यूट्यूबवर जुने संगीत कार्यक्रम येत असतात आणि प्रसार भारतीचा संग्रहही आहे. शोधताना बाबांचं नाव टाकून काही सापडणार नाही. पत्रावरचं कार्यक्रमाचं आणि गायकाचं नाव टाका. पत्रातली तारीख रेकॉर्डिंगची असते, प्रक्षेपण त्यानंतर काही आठवड्यांनी झालेलं असू शकतं. नेमकी तारीख हवी असेल तर जुन्या वर्तमानपत्रांतलं टीव्हीच्या कार्यक्रमांचं सदर चाळावं लागेल; दादरच्या मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालयासारख्या जुन्या ग्रंथालयांत विचारून पाहा. आणि त्या गायकांच्या घरी विचारा. टीव्हीसमोर कॅसेट रेकॉर्डर ठेवून कार्यक्रम टिपण्याची तेव्हा पद्धतच होती. मागे कुकरची शिट्टी ऐकू येईल, पण खंजिरीही ऐकू येईल.

ती ओळखायची कशी? दोन्ही खंजिऱ्या नीट बघा. माझा अंदाज आहे की एकीच्या काही चकत्यांना दोरा किंवा चिकटपट्टी गुंडाळलेली असेल. ती दुरुस्ती नाही. हळुवार गाण्यासाठी चकत्या अर्ध्या मुक्या करून ठेवायच्या, म्हणजे नुसती सळसळ उरते. किती आणि कोणत्या चकत्या बांधायच्या हे प्रत्येकाचं वेगळं असे, सही असावी तसं. ती पट्टी जुनी, काळी झालेली असेल. साफ करायच्या भरात काढू नका. आधी ती खंजिरी हातात धरून सावकाश केरव्यात हलवा आणि मोबाइलवर रेकॉर्ड करून ठेवा. मग जुना कार्यक्रम लावून डोळे मिटून ऐका. आणि रेसो-रेसोच्या खाचा उजेडात धरून पाहा, मधली चार-पाच बोटं जागा इतर खाचांपेक्षा गुळगुळीत झालेली दिसेल. काडी तिथेच फिरत होती.